पाठीवरील खूण

आपली पाठ आपणांस दिसत नाहीं. आरसा धरला तरी ती अर्धीमुर्धीच दिसते. आणि लहान मुलास तर आपणांस पाठ आहे याची आठवणही कोणी धपाटा घातल्यावांचून होत नाहीं. म्हणूनच कीं काय, आमच्या भाषेनें पाठीचा सारा भार दुसऱ्यांवर टाकला आहे. पाठ राखावयाची ती दुसऱ्यानें, पाठीवरून हात फिरवावयाचा तो दुसऱ्यानें, आणि पाठीशीं उभें राहावयाचें तेंही दुसऱ्यानेंच. एकत्र कुटुंबांत हीं कामें करणारीं माणसें पुष्कळ असतात. तथापि एखाद्या मुलाच्या पाठीवर जन्मतःच उमटलेली खूण वर्षानुवर्षें कोणी वाचीत नाहीं, असें घडूं शकतें. आमच्या घरीं तें घडलें. ज्या विकाराची ती खूण होती, त्याचें नांव आमच्या पुष्कळशा वाचकांच्या कानांवर आलें नसेल. म्हणून त्याचीं कारणें, परीक्षा व उपचार यांची हकीकत येथें सांगण्याचें योजिलें आहे.

प्रथम शरीररचनेविषयीं दोन शब्द. मेंदूपासून निघालेला मज्जारज्जु पाठीच्या कण्याच्या पोकळींतून खालीं उतरतो. पायांस, मूत्राशयास व मलाशयास मेंदूचा हुकूम पोंचविणारे मज्जातंतु त्याच्याच खालच्या भागांतून निघतात. गर्भावस्थेच्या तिसऱ्या महिन्याच्या सुमारास रज्जु व कणा यांची लांबी जवळजवळ सारखी असते. पुढें कणा झपाट्यानें वाढतो, रज्जु त्या मानानें सावकाश वाढतो. त्यामुळें रज्जूचें खालचें टोक कण्याच्या आंत जणूं वरवर सरकत जातें. जन्मानंतर थोड्याच महिन्यांत तें कमरेच्या पहिल्या-दुसऱ्या मणक्याच्या पातळीशीं येऊन ठरतें, आणि पुढें जन्मभर तेथेंच राहतें. या टोकापासून माकडहाडापर्यंत एक बारीक, लवचिक धागा गेलेला असतो. वैद्यकशास्त्र त्यास ‘फायलम टर्मिनेल’ म्हणतें; आपण त्यास अंत्यसूत्र म्हणूं. प्रौढ मनुष्यांत तें सुमारें २० सेंटिमीटर लांब व २ मिलिमीटरांहून कमी जाड असतें. मनुष्य वांकला, धांवला, बसला, उठला, तरी हें सूत्र रबरासारखें ताणतें आणि रज्जूस हिसका बसूं देत नाहीं.

आतां हें सूत्रच जाड, चरबीनें भरलेलें व ताठर झालें, किंवा रज्जूचें टोक अन्य कारणानें खालींच चिकटून राहिलें, तर काय व्हावें? लहान वासरास आंखूड दाव्यानें खुंट्याशीं बांधावें, आणि वासरूं वाढूं लागलें तरी दावें सैल करूं नये, तशी त्या रज्जूची गत होते. वासरूं निदान हंबरतें तरी. रज्जु मुकाट्यानें ताणला जातो. मूल उंच होऊं लागलें कीं ताण वाढतो. तें पुढें वांकलें कीं त्या ताणांत क्षणोक्षणीं भर पडते. डॉक्टरांनीं या विकारास इंग्रजींत ‘टेदर्ड कॉर्ड’ असें नांव दिलें, त्याचा अर्थ दाव्यानें जखडलेला रज्जु असाच आहे.

या विकाराचें मूळ बहुधा गर्भांतच असतें. गर्भधारणेनंतरच्या पहिल्या चार आठवड्यांत, म्हणजे पुष्कळदां आईस दिवस गेल्याची जाणीवही होण्यापूर्वीं, गर्भाच्या पाठीवरील एका पन्हळीचे दोन्ही कांठ जुळतात व तिची नळी होते. हीच नळी पुढें मेंदू व मज्जारज्जु होते. ती मिटतांना दोष राहिला तर कधीं रज्जु पाठीवर उघडाच राहतो; असें मूल जन्मतांच ओळखूं येतें, आणि त्याच्या पाठीवर लगोलग शस्त्रक्रिया करावी लागते. त्या शस्त्रक्रियेचा वणही पुढें रज्जूस चिकटून दाव्यासारखा जखडूं शकतो. दुसऱ्या कांहीं मुलांत पाठ वरून मिटलेली असते, पण आंत दोष असतो. कोठें कातडीखालील चरबी आंत शिरून रज्जूस बिलगते. कोठें कातडीपासून आंत जाणारी एक सूक्ष्म वाट उघडी राहते. कोठें हाडाची पाचर रज्जूस उभा दुभागते. आणि कोठें केवळ अंत्यसूत्रच जाड झालेलें असतें. वरून पाहणारास मूल अगदीं धडधाकट दिसतें, हीच या दुसऱ्या प्रकारांतील मोठी अडचण.

परंतु सृष्टीनें येथें एक सोय करून ठेविली आहे. कातडी व मज्जारज्जु हीं दोन्हीं गर्भाच्या एकाच बाहेरील थरापासून निर्माण होतात. म्हणून आंतील दोषाची खूण पुष्कळदां बाहेर कातडीवर उमटते. कमरेच्या मध्यरेषेवर केसांचा झुबका, मऊ चरबीची गांठ, लालसर डाग, कातडीचें लोंबणारें बोंड, एखादें बारीक भोंक, किंवा नितंबांमधील रेषेचा एका बाजूस वळलेला शेवट, अशा त्या खुणा होत.

आमच्या वडील बंधूंची नात जन्मली तेव्हां तिच्या कमरेवर असाच केसांचा झुबका होता. बाळबाळंतिणीस न्हाऊ घालावयास येणाऱ्या बाईनें तो पहिल्याच आठवड्यांत पाहिला, आणि ‘बाईसाहेब, हें कांहीं निराळेंच दिसतें, डॉक्टरांस दाखवा,’ असें बोलूनही दाखविलें. घरांतील वडीलधाऱ्या बायकांनीं ‘मारुतीचा प्रसाद आहे,’ असें म्हणून त्यास हात जोडले, आणि प्रकरण तेथेंच मिटलें. आम्ही त्या काळीं नोकरीनिमित्त नागपुरास होतों. हें सर्व आम्हांस पुढें वहिनींच्या तोंडून कळलें. आमच्या मनास मात्र ही गोष्ट फार लागून राहिली आहे. घरांत पदवीधर माणसें आठ होतीं. जिनें खूण ओळखली ती बाई सहीपुरतें लिहिणारी होती. तिनें शेंकडों पाठी पाहिल्या होत्या, म्हणून एका पाठीचें निराळेपण तिला कळलें. पाहण्याचें शिक्षण तिला होतें, तें आम्हां लोकांस नव्हतें. आणि तिचा शब्द मात्र पाण्याच्या घंगाळाबरोबर न्हाणीघरांतच राहिला.

मुलगी वाढली. चालणें, बोलणें सर्व वेळच्या वेळीं झालें. तिसऱ्या वर्षीं तिचें अंथरुण ओलें होणें बंद झालें. आठव्या वर्षीं तें पुन्हां सुरू झालें. मग घरोघरीं होतें तें सर्व झालें. सूर्यास्तानंतर पाणी बंद झालें. काळे तीळ व गूळ सुरू झाला. कोरड्या सकाळीं बक्षीस आणि ओल्या सकाळीं बोलणीं, असा क्रम चालला. चुलत भावंडांनीं नांव ठेविलें. मुलगी पहाटे उठून चादर स्वतः धुऊं लागली, आणि शाळेच्या सहलीस जाण्याचें तिनें सोडून दिलें. त्याच सुमारास पोट साफ होईना, त्यासाठीं एरंडेल आलें. पोटऱ्या दुखूं लागल्या, तें ‘वाढीचें दुखणें’ ठरलें व त्यासाठीं तेल आलें. एका डॉक्टरांनीं हा सारा मनाचा प्रकार आहे, धाकट्या भावाच्या जन्मामुळें मुलगी लक्ष वेधून घेत आहे, असें सांगितलें, आणि त्यांत आणखी सात महिने गेले. प्रत्येक तक्रारीस घरांत निराळें औषध होतें. या सर्व तक्रारी एकाच मुळाच्या फांद्या असतील ही शंका कोणास आली नाहीं.

ती आली ती एका जोड्याच्या दुकानांत. मुलीच्या डाव्या पायास जो बूट बसे तो उजव्यास सैल होई. उजवें पाऊल लहान होतें, त्याची कमान उंच झाली होती व बोटें आंखडलीं होतीं. मुलीच्या आईनें तिला अस्थिरोगतज्ज्ञाकडे नेलें. त्या सद्गृहस्थांनीं तिला दालनांतून चार वेळां चालावयास लाविलें, मग पाऊल बाजूस ठेवून पाठ पाहूं दिली पाहिजे असें म्हटलें. आणि झुबका पाहतांच त्यांनीं विचारलें, ‘हिला लघवीचा त्रास आहे काय?’ पायाच्या तक्रारीसाठीं आलेली आई क्षणभर चकित झाली. दोन वर्षें ज्या गोष्टीची घरांत लाज होती, ती एका परक्या मनुष्यानें पाठ पाहून ओळखली होती.

परीक्षेचा क्रम असा असतो. क्ष-किरणांच्या चित्रांत मणक्याची मागील कमान न जुळलेली दिसूं शकते; परंतु तेवढ्यानें घाबरून जाऊं नये, कारण केवळ अशी फट पुष्कळ निरोगी माणसांतही आढळते व ती जन्मभर कांहीं त्रास देत नाहीं. अगदीं तान्ह्या मुलांत, मणक्यांचीं हाडें पुरतीं घट्ट होण्यापूर्वीं, पहिल्या तीन-चार महिन्यांत सोनोग्राफीनें रज्जु पाहतां येतो. त्यानंतर खरा निर्णय एम. आर. आय. या चुंबकीय चित्रणानेंच होतो. आमच्या नातीच्या चित्रांत रज्जूचें टोक कमरेच्या चौथ्या मणक्यापाशीं होतें, आणि अंत्यसूत्र चरबीनें जाड झालेलें स्पष्ट दिसत होतें. शिवाय मूत्राशयाचा दाब व क्षमता मोजण्याची निराळी परीक्षा असते. तीवरून असें ठरलें कीं, तिचें मूत्राशय पुरतें रिकामें होत नव्हतें. भरून वाहूं लागे तेव्हां अंथरुण ओलें होई. असें साठलेलें मूत्र वारंवार जंतुबाधा करतें, आणि दाब वाढत राहिला तर मूत्रपिंडें निकामी करूं शकतो. सुदैवानें तिचीं मूत्रपिंडें शाबूत होतीं.

शस्त्रवैद्यांनीं तें चित्र प्रकाशफलकावर लावून मुलीसही दाखविलें. तिनें तें बराच वेळ पाहिलें आणि विचारलें, ‘म्हणजे मी तें मुद्दाम करीत नव्हतें ना?’ तेथें तिचे आईबाप, आजोबा व आम्ही असे चार वडील बसलों होतों. उत्तर शस्त्रवैद्यांनींच दिलें. ‘नाहीं, बाळ, तुझ्या हातांत तें कधींच नव्हतें.’ या प्रश्नाचें ओझें त्या पोरीनें दोन वर्षें एकटीनें वाहिलें होतें, हें त्या वेळीं सर्वांस कळलें.

या विकाराचें ज्ञान फार जुनें नाहीं. अंत्यसूत्राच्या ताणानें रज्जूस पीडा होते, असें १९५३ सालीं गार्सो यांनीं मांडलें. १९७६ सालीं टोरोंटो येथील हॉफमन, हेन्ड्रिक व हम्फ्रीज यांनीं अशा ३१ रोग्यांची हकीकत प्रसिद्ध केली, आणि तेव्हांपासून आजचें नांव रूढ झालें. पुढें १९८१ सालीं यामादा यांनीं दाखविलें कीं, ताणलेल्या रज्जूंतील पेशींस प्राणवायूचा उपयोग करून शक्ति निर्माण करण्याचें कार्य नीट साधत नाहीं, आणि ताण सोडविला कीं तें पुष्कळ अंशीं सुधारतें. यांतील मर्म सामान्य मनुष्यानेंही ध्यानांत घ्यावें. ताण थोडा व थोड्या काळाचा असेल तर रज्जु उपासमार झालेल्या मनुष्यासारखा असतो, अन्न मिळतांच सांवरतो. ताण फार दिवस राहिला तर कांहीं पेशी कायमच्या जातात, आणि मग दावें कापूनही गेलेलें परत येत नाहीं.

म्हणजे औषधाच्या गोळीनें किंवा तेलानें हा विकार बरा होत नाहीं. दावें कापणें हाच उपाय. घरांत यावर दोन रात्री खल झाला. वहिनींचें म्हणणें असें कीं, पाठीच्या कण्याची शस्त्रक्रिया म्हणजे पायांवर पाणी सोडणें. पोर आज चालती आहे, तिला चालती राहूं द्यावी. त्यांचें भय खोटें नव्हतें. अशा शस्त्रक्रियेंत क्वचित् पाय किंवा मूत्राशय अधिक दुर्बळ होऊं शकतें, हें शस्त्रवैद्यांनींही लपविलें नव्हतें. मुलीची आई एरवीं वडिलांच्या पुढें फारशी बोलत नसे. ती म्हणाली, ‘चालती आहे म्हणून थांबावयाचें, आणि चालेनाशी झाली म्हणजे करावयाची, असें असेल तर मग करावयाची कशासाठीं?’ यावर कोणापाशीं उत्तर नव्हतें. वहिनींनीं देवाजवळ दिवा लाविला व संमति दिली.

शस्त्रक्रियेचा प्रकार ऐकावयास भयंकर, पण योजना मोठी नाजूक. रोग्यास पालथें निजवून कमरेच्या खालच्या भागीं छेद घेतात, मणक्याच्या मागील हाडाचा थोडा भाग बाजूस करतात, आणि रज्जूवरील आवरण उघडून सूक्ष्मदर्शकाखालीं अंत्यसूत्र शोधतात. त्याच्या भोंवतीं पाय व मूत्राशय यांचे मज्जातंतु घोड्याच्या शेपटीसारखे पसरलेले असतात. म्हणून प्रत्येक धागा कापण्यापूर्वीं त्यास विजेचा अतिसूक्ष्म स्पर्श करून पाहतात. पायाचा अगर गुदद्वाराचा स्नायु हलला तर तो तंतु जिवंत कामाचा, आणि कांहींच हललें नाहीं तर तें सूत्र. मगच तें कापतात. आमच्या नातीच्या शस्त्रक्रियेस तीन तास लागले. मेंदू-रज्जूंतील द्रव जखमेवाटे झिरपूं नये म्हणून तिला नंतर तीन दिवस सपाट निजवून ठेविलें. द्रव झिरपणें व जंतुबाधा हे या शस्त्रक्रियेचे नेहमींचे धोके. ते दोन्ही टळले.

फळाविषयीं अतिशयोक्ति करूं नये. पायांच्या व पाठीच्या वेदना बहुधा लवकर थांबतात. पायांची शक्ति पुष्कळदां सुधारते किंवा निदान घटावयाची थांबते. मूत्राशयाचा भरंवसा सर्वांत कमी, आणि तो दोष जितका जुना तितका कमी. आमच्या नातीच्या पोटऱ्यांचें दुखणें पंधरा दिवसांत गेलें. पाऊल लहान तें लहानच राहिलें, पण चाल सुधारली. मूत्राशय अर्धवट सुधारलें. उरलेल्यासाठीं ती दिवसांतून चार वेळां बारीक नळी घालून मूत्राशय स्वतः रिकामें करते. अमेरिकेंतील लॅपिडीज यांनीं १९७२ सालीं ही रीत प्रचारांत आणली. तिला निर्जंतुक दालन लागत नाहीं, स्वच्छ हात व स्वच्छ नळी पुरते, आणि तिनें असंख्य मुलांचीं मूत्रपिंडें वांचविलीं आहेत. आतां ती बारा वर्षांची आहे. वाढीच्या वर्षांत रज्जु वणामुळें पुन्हां जखडूं शकतो, म्हणून दर सहा महिन्यांनीं तिची तपासणी होते. चादर धुण्याचें काम तिनें सोडलें आहे, आणि गेल्या माघांत ती सहलीस रायगडावर जाऊन आली.

घरांतील मंडळींनीं यांतून काय घ्यावें? प्रत्येक खळगा म्हणजे रोग नव्हे. माकडहाडाजवळ, गुदद्वारापासून अडीच सेंटिमीटरांच्या आंत असलेला लहान, उथळ व एकटा खळगा बहुतेक निरुपद्रवी असतो. खळगा त्याहून वर, खोल किंवा मोठा असेल, त्यांतून पाणी येत असेल, अथवा झुबका, गांठ, डाग यांपैकीं कांहीं सोबत असेल, तर मात्र तान्हेपणींच डॉक्टरांस दाखवावें; आणि असल्या भोंकांत काडी किंवा सुई घालून पाहूं नये. तसेंच अंथरुण ओलें करणारें प्रत्येक मूल रोगी नसतें. जें जन्मापासून रात्रीं कधीं कोरडें झालें नाहीं पण दिवसा ठीक आहे, तें बहुधा वाढीबरोबर सुधारतें. परंतु वर्षानुवर्षें कोरडें राहिलेलें मूल पुन्हां ओलें करूं लागलें, दिवसाही थेंब गळूं लागले, सोबत बद्धकोष्ठ, पाय दुखणें, पाऊल वांकडें होणें किंवा पाठीस बांक येणें असें कांहीं दिसलें, तर त्याच्या स्वभावाचा विचार मागाहून करावा, शरीराचा आधीं करावा. प्रौढांतही हा विकार कित्येकदां प्रथमच प्रकट होतो. त्यांत कंबर, गुदद्वाराभोंवतालचा भाग व पाय यांच्या वेदना प्रमुख असतात. ज्यांच्या चित्रांत चरबीची मोठी गांठ आहे पण त्रास कांहींच नाहीं, अशा मुलांवर आधींच शस्त्रक्रिया करावी कीं लक्ष ठेवून थांबावें, याविषयीं तज्ज्ञांत आजही मतभेद आहेत. तेथें घाई न करतां दोन ठिकाणीं विचारावें.

आणखी एक गोष्ट घरांतील नववधूंसाठीं. १९२८ सालीं ल्यूसी विल्स नांवाच्या इंग्रज विदुषी मुंबईस आल्या, आणि गिरणीकामगार वर्गांतील गर्भिणींच्या पांडुरोगाचा त्यांनीं अभ्यास केला. यीस्टच्या अर्कांतील एका अज्ञात द्रव्यानें तो बरा होतो, असें त्यांनीं १९३१ सालीं प्रसिद्ध केलें. तें द्रव्य १९४१ सालीं पालकाच्या पानांतून निराळें काढण्यांत आलें. तेंच फॉलिक आम्ल. पुढें १९९१ सालीं ब्रिटिश वैद्यक संशोधन मंडळाच्या मोठ्या प्रयोगानें सिद्ध झालें कीं, ज्या मातांस पूर्वीं असें उघड्या रज्जूचें मूल झालें होतें, त्यांनीं गर्भधारणेपूर्वींपासून तें घेतल्यास पुढील मुलांतील हा दोष शेंकडा ७२ नीं कमी होतो. नळी पहिल्या चार आठवड्यांतच मिटते, म्हणून दिवस गेल्यावर गोळी सुरू करण्यांत अर्धा लाभ निघून जातो. मूल व्हावें असें मनांत येतांच डॉक्टरांच्या सल्ल्यानें रोज ०·४ मिलिग्रॅम सुरू करावें. पूर्वीं असें मूल झालेलें असल्यास मात्रा बरीच अधिक लागते. मुंबईंतील गरीब बायांच्या दुखण्यांतून निघालेलें हें औषध मुंबईपासून चार तासांवरच्या घरांतही माहीत नसावें, ही खेदाची गोष्ट होय.

आमच्या घरांत यानंतर एक पद्धत पडली आहे. मूल न्हातांना त्याची पाठ पाहिली जाते, आणि न्हाऊ घालणारी बाई कांहीं म्हणाली तर तिला पाट देऊन विचारलें जातें. आणि पोटाच्या, लघवीच्या, मासिक धर्माच्या गोष्टी जेवणाच्या पंक्तींत नसल्या, तरी घरांत कोठेंतरी मोकळेपणानें निघतात. लाज ही वडिलांनीं शिकविलेली असते. मूल ती बरोबर घेऊन जन्मास येत नाहीं. मुलास जें विचारण्याची लाज वाटते, तें वडिलांनीं आपण होऊन, न रागावतां, आधीं विचारावें. म्हणजे उत्तर वेळेवर मिळतें.